भाज्याचे टाके आणि मायांची विहीर

संत तुकाराम नगरात राहत असाल, तर एखाद्या रविवारी शिक्षकांबरोबर पिंपरीहून लोणावळ्याची लोकल पकडा व मळवलीला उतरा. तेथून पायी भाजे लेणी गाठता येतात. त्यांतील सर्वांत जुनी सुमारे 2200 वर्षांपूर्वीची आहेत. चैत्यगृह पाहून झाले, की खडकात कोरलेली पाण्याची टाकी पाहा. अशा टाक्याला पूर्वी ‘पोढी’ म्हणत. एक टाके विण्हुदत्त या महारठीने दान दिल्याचे तेथील ब्राह्मी लेखात कोरले आहे.

टाकी का कोरावी लागली? मेक्सिकोतील युकातान प्रदेशात माया लोकांना निसर्गानेच विहिरी दिल्या होत्या. तेथील खडक चुनखडीचा. पावसाचे पाणी कार्बन डायॉक्साइड शोषून सौम्य आम्ल बनते, चुनखडी विरघळवते व पोकळी तयार होते. पोकळीचे छत कोसळले, की आतले पाणी उघडे पडते. हीच ‘सेनोटे’. चिचेन इत्सा नगर अशाच विहिरींजवळ वसले.

सह्याद्रीचा काळा बेसाल्ट असा सहज विरघळत नाही. म्हणून चार महिन्यांचा पाऊस वर्षभर पुरवण्यासाठी छिन्नी चालवावी लागली.

घरी अंड्याचे कवच व काळ्या खडीचा तुकडा वेगवेगळ्या पेल्यांत व्हिनेगरमध्ये टाका. भरपूर बुडबुडे कोठे येतात ते पाहा. चुनखडीचे रहस्य कळेल. मात्र टाक्यात कधीही उतरू नका. त्याची खोली वरून कळत नाही.