ऑलिंपियाचे मौन : हॉफमानच्या कथेतील एकाकी प्रेमिक

'रोबो' हा शब्द कारेल चापेकच्या १९२० सालच्या नाटकातून रूढ झाला. परंतु यंत्रावर जीव जडवणारा एकाकी माणूस त्यापूर्वी शतकभर आधी, ई. टी. ए. हॉफमान या जर्मन लेखकाच्या 'डेर सांडमान' (१८१६) या कथेत अवतरला होता. या कथेची चर्चा बहुधा फ्रॉइडच्या १९१९ सालच्या निबंधाच्या आधारे होते. फ्रॉइडचा भर डोळे गमावण्याच्या भयावर आहे. ऑलिंपिया ही यंत्रबाहुली त्याला तुलनेने गौण वाटते. नायकाच्या आसक्तीचे स्वरूप जाणून घ्यायचे, तर मात्र तिच्याकडेच वळावे लागते.

नाथानाएल हा विद्यार्थी. लिहिण्याचा नाद असलेला. क्लारा ही त्याची वाग्दत्त वधू. भयकल्पनांनी भारलेले आपले काव्य तो तिला वाचून दाखवतो, तेव्हा ते आगीत टाकून देण्यास ती विनवते. संतापून तो तिलाच निर्जीव यंत्र म्हणतो. ऑलिंपियावर मन जडण्यापूर्वीच हा शब्द त्याच्या तोंडी यावा, यात कथेचा सारा उपरोध साठवलेला आहे. जी उत्तर देते ती यंत्र ठरते. जी 'आह, आह' यापलीकडे फारसे बोलत नाही, तीच एक आपले अंतःकरण जाणणारी भासते. प्राध्यापक स्पालान्झानीच्या या 'कन्ये'पुढे तो तासन्‌तास आपले जुनेनवे लेखन वाचतो. ती विणकाम करीत नाही, खिडकीबाहेर पाहत नाही, कुत्र्यामांजराशी खेळत नाही. जांभई दडपण्यासाठी तिला खोकावेही लागत नाही. असा श्रोता कोणत्या कवीला नको असेल?

म्हणूनच नाथानाएल फसवला गेला, एवढेच म्हणणे अपुरे आहे. तिचे जखडलेपण झिगमुंड हा मित्र त्याच्या नजरेस आणून देतो. तो ऐकत नाही. नृत्यप्रसंगी तिचा हात बर्फासारखा थंड लागतो, पण लगेच त्यात नाडीचे स्पंदन जाणवू लागते. हे स्पंदन त्याचेच, असे म्हणण्यास कथेत पुरेसा आधार आहे. जोसेफ वायझेनबाउमने १९६६ साली मांडलेली 'एलायझा' ही संगणकप्रणालीही बोलणाऱ्याचेच वाक्य फिरवून त्याला परत करी, आणि माणसे तिच्यापाशी मन मोकळे करीत.

निर्माते ऑलिंपियासाठी झोंबतात, तिचे डोळे जमिनीवर पडलेले दिसतात, आणि नाथानाएल वेडा होतो. पुढे काही काळ सावरल्यावर, मनोऱ्यावर उभा असता, तो क्लारालाच लाकडी बाहुली समजून खाली लोटू पाहतो; शेवटी स्वतः उडी घेतो. तत्पूर्वी निवेदक गावातील प्रेमिकांची हकिगत काहीशा मिस्किलपणे सांगतो. ऑलिंपियाचे बिंग फुटल्यावर त्यांनी आपापल्या प्रेयसींना थोडे बेताल गाण्याचा, वाचन चालू असता विणण्याचा, आणि मुख्य म्हणजे विचारपूर्वक बोलण्याचा आग्रह धरला. त्यामुळे काहींचे प्रेमबंध दृढ झाले; काहींचे निमूटपणे तुटले.