आलमारी आणण्याआधी बांबू फिरवून बघा



तेंदूपत्त्याचे पैसे हातात आले की आपल्याकडे आलमारी, दिवाण, टेबल यांची खरेदी निघते. कोणी त्यात गटाचं कर्जही घालते. आलापल्लीहून गाडी येते, सामान अंगणात उतरतं आणि गाडीवाला निघून जातो. पुढे अडतं ते दारात. आलमारी आत जात नाही, गेली तर आत उभी राहत नाही. मग ती पडवीत ताडपत्रीखाली पावसाळा काढते, खालून गंजायला लागते, आणि हप्ता मात्र दर महिन्याला भरावाच लागतो. म्हणून दुकानात जाण्याआधी घर मोजायचं.

बाजारातली मोठी लोखंडी आलमारी साधारण 78 इंच उंच, 36 इंच रुंद आणि 19 इंच खोल असते. दुकानात टेप लावून खात्री करून घ्या. घरकुलाचं दार 3 फुटी म्हणतात, पण ते बहुतेक चौकटीसकट असतं. चौकटीची लाकडं वजा करा, उघडलेल्या फळीची जाडी वजा करा, हाती 29-30 इंचच राहतात. माप चौकटीच्या आतून घ्यायचं. उंचीही उंबरठ्यापासून वरच्या पट्टीपर्यंत मोजायची. जुन्या मातीच्या घरात तर वाकून आत जावं लागतं, तिथे आलमारी उभी नेण्याचा प्रश्नच नाही.

दारातून ती कडेवर, म्हणजे 19 इंचांच्या बाजूवर आडवी करून न्यायची. तशी ती अरुंद दारातूनही निघते. खरी अडचण आत उभी करताना येते, आणि तीच सगळ्या जणी विसरतात. उभी करताना आलमारीचा वरचा कोपरा तिच्या उंचीपेक्षाही वर जातो. किती वर, ते हिशेबाशिवाय कळतं. जमिनीवर खडूने 78 इंचांची रेघ ओढा. तिच्या टोकाला काटकोनात 19 इंचांची दुसरी रेघ ओढा. दोन्हींच्या मोकळ्या टोकांमध्ये दोरी ताणून मोजा, साडेऐंशी इंच भरेल. छताखाली एवढी जागा हवीच. 19 ऐवजी 36 इंचांची रेघ घेतली तर दोरी 86 इंच भरते. म्हणजे कडेवर असलेली आलमारी तशीच उभी केली तर साडेपाच इंच जागा जास्त लागते. म्हणून आत आणल्यावर आधी पाठीवर झोपवायची, मगच उचलायची. कवेलूच्या घरात हे काम आढ्याखाली करा, वळचणीकडे नको. आणि जिथे ती कायमची ठेवायची, तिथली उंचीही बघा.

आता बांबू. आलमारीच्या उंचीएवढे दोन बांबू आणि खोलीएवढे दोन तुकडे घ्या, दोरीने बांधून चौकट करा. दोघींनी ती आडवी धरून अंगणातून पडवीत, पडवीतून दारात, दारातून आत फिरवून बघायची. पडवीचा खांब कुठे आडवा येतो, वळायला जागा पुरते की नाही, चूल मध्ये येते का, सगळं दिसतं. दोन्ही बाजूंना बोटांसाठी दोन-दोन इंच मोकळे राहिले पाहिजेत. अर्ध्या तासाचं काम आहे, बांबू काही दुरून आणायचा नाही. चौकट अडली तर दाराची फळी बिजागरीतून काढून पुन्हा बघा. तरीही अडली तर छोटी आलमारी घ्या. चौकट तासायला किंवा कुडाची भिंत फोडायला लागू नका. दिवाण घेत असाल तर दोन भागांत सुटणारा मागा.

घरातली माणसं कामावर गेली असली तरी हे काम चार-पाच जणींना जमतं. 70 किलोची आलमारी चौघींनी उचलली तर एकीच्या वाट्याला साडेसतरा किलो येतात, पण वळताना आणि वाकडी झाली की तेच वजन दोघींवर येतं. म्हणून शक्य तिथे उचलूच नका. फरशीवर खाली कोरडी चुंगडी घालून ओढा, मातीच्या जमिनीवर बांबूचे गोल तुकडे घालून ढकला. उंबरठ्याच्या दोन्ही बाजूंना मातीने भरलेली चुंगडी ठेवून उंची सारखी करा. त्याआधी फळ्या आणि खण काढा, दारं कुलूप लावून दोरीने बांधा, आरशावर गोधडी गुंडाळा. उभी करताना खालची कड सरकू नये म्हणून जाड लाकूड अडवा, पाय लावू नका. ती कोसळू शकते त्या बाजूला कोणी थांबायचं नाही, मुलं तर नाहीच.

हुकूम एकीनेच द्यायचा. आपल्या गटात कोणी माडिया बोलते, कोणी मराठी. ‘थांब’ आणि ‘खाली’ कोणत्या भाषेत म्हणायचं ते आधी ठरवा, नाहीतर एक थांबते, दुसरी ढकलते आणि बोटं मध्ये सापडतात. गरोदर, नुकती बाळंत झालेली, अंग बाहेर येण्याचा त्रास असलेली आणि सिकलसेलची बाई या कामात नको. सिकलसेलमध्ये जास्त श्रम आणि अंगातलं पाणी कमी होणं यांनी दुखणं उसळतं. भीड म्हणून कोणी हात लावायला आली तर तिला हुकूम द्यायचं काम द्या.

मातीच्या जमिनीवर पायांखाली फरशीचे तुकडे घाला, नाहीतर पाय रुततात आणि आलमारी पुढे झुकते. भिंतीपासून वीतभर दूर ठेवा, मागे ओल आणि वाळवी दिसली पाहिजे.

एक गोष्ट गटासाठी. भामरागडला पर्लकोटा, पामुलगौतम आणि इंद्रावती एकत्र येतात. इंद्रावती फुगली की पर्लकोटेचं पाणी मागे दाबलं जातं, पुलावरून जातं, बाजारात शिरतं. तेव्हा भरलेली आलमारी हलवायला वेळ नसतो, आणि पाण्यात उभं राहून ती ओढणं जिवावरचं आहे. गटाची इतिवृत्त वही, कर्जखातं, पासबुकं आणि शिक्के मोठ्या आलमारीत ठेवू नका. दोन कड्यांची पत्र्याची पेटी घ्या, दोघी सहज दारातून नेतील एवढीच, आणि कागद प्लॅस्टिकच्या पिशवीत बांधून तिच्यात ठेवा. पेटी कोणत्या दोघी उचलतील आणि कोणत्या उंचावरच्या घरी नेतील, हे जूनच्या बैठकीत ठरवून इतिवृत्तात लिहा. किल्ली तिसरीकडे द्या.