चित्रकाराची नजर

पंढरपूर येथे जन्मलेले मकबूल फिदा हुसेन तरुणपणी मुंबईत चित्रपटांचे मोठमोठे फलक रंगवून पोट भरीत. पुढे ते नामवंत चित्रकार झाले. १९६७ साली केंद्र सरकारच्या फिल्म्स डिव्हिजनने त्यांच्याकडून एक लघुपट करवून घेतला. त्याचे नाव ‘थ्रू द आइज ऑफ अ पेंटर’, म्हणजे ‘चित्रकाराच्या नजरेतून’.

चित्र एकटा चित्रकार काढतो. चित्रपटाला मात्र अनेक हात लागतात. कोणी छायाचित्रण करतो, कोणी फीत कापून जोडतो. या लघुपटाला संगीत दिले विजय राघव राव यांनी.

राजस्थानातील बुंदी, चितोड व जैसलमेर येथील दृश्ये त्यात आहेत; परंतु कथा नाही, नायकही नाही. छत्री, कंदील, जोडा अशा साध्या वस्तू पडद्यावर पुनःपुन्हा येतात आणि त्यांचा अर्थ प्रेक्षकानेच शोधावयाचा असतो. असा कथाहीन चित्रपट लोकांना रुचेल काय, अशी शंका कोणासही यावी. परंतु त्याच वर्षी बर्लिनच्या चित्रपट महोत्सवात त्याला लघुपटांचे ‘सुवर्ण अस्वल’ हे सर्वोच्च पारितोषिक मिळाले.

कंदील आणि छत्री सर्वांच्याच घरी असत. हुसेन यांनी त्या नुसत्या पाहिल्या नाहीत, तर न्याहाळल्या.