कोर्ट फी भरण्यास उशीर झाला तर?

आपल्या समाजातील अनेक कुटुंबांना शेतजमिनीच्या वाटणीसाठी, घराच्या हक्कासाठी किंवा हातउसने दिलेल्या पैशासाठी दिवाणी कोर्टाची पायरी चढावी लागते. वकिलांची फी, कागदपत्रांचा खर्च आणि त्यावर कोर्ट फी एकदम जमत नाही. फी कमी पडली म्हणजे दावा बुडाला, असे समजून काहीजण घरी बसतात, तर काहीजण ‘नंतर भरू’ म्हणून निश्चिंत राहतात. हे दोन्ही समज चुकीचे आहेत, हे आपण या लेखात पाहू.

दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ च्या कलम १४९ प्रमाणे कमी पडलेली फी नंतर भरण्याची परवानगी कोर्ट कोणत्याही टप्प्यावर देऊ शकते. परवानगीने फी भरली की तो कागद पहिल्या दिवसापासूनच पूर्ण फीचा मानला जातो. याचे महत्त्व उदाहरणाने समजून घेऊ. उसन्या पैशाच्या दाव्याला सामान्यतः तीन वर्षांची मुदत असते. वादीने मुदतीत दावा दाखल केला, फी मात्र मुदत संपल्यावर कोर्टाच्या परवानगीने पुरी केली, तरी दावा मुदतीतलाच ठरतो. मन्नन लाल विरुद्ध छोटका बीबी या १९७० च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने अपिलाच्या बाबतीत हेच तत्त्व मान्य केले.

फी अपुरी असल्यास कोर्टाने प्रथम ती भरण्यास वेळ द्यावयाचा असतो. त्या वेळेत भरली नाही तर आदेश ७, नियम ११ प्रमाणे वादपत्र नामंजूर होते. नियम १३ नुसार नवा दावा आणता येतो, पण मुदतीचा कायदा आपल्यासाठी थांबत नाही. मधल्या काळात मुदत संपली असेल तर खरा हक्कही कोर्टात टिकत नाही. खरे नुकसान होते ते येथेच.

दिलेली वेळ अपुरी पडत असेल तर ती संपण्यापूर्वीच कारणासह लेखी अर्ज द्यावा. महंत रामदास विरुद्ध गंगादास या १९६१ च्या निकालात असा अर्ज वेळेत आला होता, परंतु सुनावणी होईपर्यंत वेळ संपली होती. तरीही वेळ वाढविता येते, असे सर्वोच्च न्यायालयाने सांगितले. मात्र वादपत्राच्या बाबतीत, अपवादात्मक कारण असल्याची आणि नकार दिल्यास गंभीर अन्याय होईल अशी कोर्टाची खात्री पटावी लागते. ही सवलत कोर्टाच्या विवेकावर आहे, तो वादीचा हक्क नव्हे. बुटा सिंग विरुद्ध भारत सरकार या १९९५ च्या निकालात, जाणूनबुजून कमी फी भरून नंतर ती वाढवू पाहणाऱ्यांना ही सवलत मिळाली नाही.

ज्यांना फी भरणेच शक्य नाही, त्यांनी आदेश ३३ खाली निर्धन व्यक्ती म्हणून दावा करण्याची परवानगी मागावी. तो अर्ज फेटाळला तरी कोर्ट फी भरण्यास वेळ देऊ शकते. त्या वेळेत फी भरल्यास दावा अर्जाच्या तारखेपासून दाखल झाल्याचे मानतात. महाराष्ट्र शासनाने १ ऑक्टोबर १९९४ च्या अधिसूचनेने पोटगी, मालमत्तेचे वाद, हिंसाचार व घटस्फोट या प्रकरणांत महिलांना कोर्ट फी माफ केली. आपल्या दाव्याला ती लागू पडते का, हे वकिलांना विचारावे. विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ च्या कलम १२ प्रमाणे अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्ती आणि महिला मोफत विधी सेवेस पात्र आहेत. त्यासाठी तालुका किंवा जिल्हा विधी सेवा कार्यालयात अर्ज करावा.

सभासद बंधू-भगिनींनी एवढे लक्षात ठेवावे : मुदतीच्या शेवटच्या दिवसाची वाट पाहू नये, फीची पावती जपून ठेवावी, कोर्टाने दिलेली तारीख वकिलांकडून लिहून घ्यावी, आणि पैशाची अडचण असेल तर ती लपवू नये, अर्जात मांडावी. शिकलेल्या विद्यार्थ्यांनी आपल्या वस्तीतील एका तरी कुटुंबाला असा अर्ज लिहिण्यास मदत केली, तर पैशाअभावी बुडणारा एखादा हक्क नक्कीच वाचेल.