हाड कुठं ठेवलंय, ते विचार

बस इथं जरा. संमतीच्या कागदावर सही करताना हात थरथरतोच गं, कुणाचाही थरथरेल. कवटी उघडणार, एवढंच कानात शिरतं आणि डॉक्टर पुढं काय बोलले ते ऐकूच येत नाही. मी न्यूरोच्या थिएटरमध्ये सिस्टर आहे. बाहेरच्या बाकावर बसलेल्या बायकांचे चेहरे जाता-येता बघते आणि वाटतं, यांना कुणी दोन शब्द धड समजावून सांगितले असते तर निम्मी भीती तिथंच उतरली असती. म्हणून तुला सगळं सांगते, धाकट्या बहिणीला सांगावं तसं, काही न लपवता.

आधी केसांचं. बायका हा प्रश्न दबक्या आवाजात विचारतात, जणू जिवाची वेळ असताना केसांचं विचारणं पाप आहे. पाप नाही. हक्कानं विचार. सगळं डोकं भादरावं लागतंच असं नाही, बरेच सर्जन आता चिरेपुरती पट्टी काढतात. चीरही शक्यतो कानासमोरून वर, केसांच्या आतून वळवून घेतात, म्हणजे केस वाढले की व्रण झाकला जातो. व्रणामागचा भाग मात्र काही महिने बधिर राहतो, कंगवा फिरवलेला कळत नाही. ते हळूहळू सुधारतं.

पेशंट बाहेर आला की कपाळावर किंवा कानामागं दोन-तीन बारीक टोचलेल्या जखमा दिसतील. त्या बघून नातेवाईक हादरतात, पडला की काय आत म्हणून. तसं काही नसतं. ऑपरेशनच्या वेळी डोकं तसूभरही हलू नये म्हणून तीन टोकांच्या क्लॅम्पमध्ये ते पक्कं धरतात, त्या टोकांच्या त्या खुणा. पेशंट तेव्हा पूर्ण भुलीत असतो.

डोक्याच्या कातडीला रक्तपुरवठा फार. पोराला साधी खोक पडली तरी शर्ट भिजतो, ते तू पाहिलं असशील. म्हणून चीर देण्याआधी तिथं रक्तवाहिन्या आवळणारं औषध टोचतात आणि चिरेच्या कडांना ओळीनं क्लिपा लावतात. कातडी बाजूला झाली की खाली पांढरट, कोरडं हाड दिसतं. त्यात ड्रिलनं आधी एक किंवा दोन-चार भोकं पाडतात. हे ऐकून तुझ्या अंगावर काटा आला ना? मग हेही ऐक. त्या ड्रिलमध्ये अशी सोय असते की हाड संपून टोक आत पोचलं की ते आपोआप थांबतं. पुढं दोन भोकांमधलं हाड कापणाऱ्या यंत्राच्या पात्याखाली एक चपटी पट्टी असते, ती मेंदूवरचं आवरण हाडापासून अलग ठेवत पुढं सरकते. आम्ही सतत थंड सलाइन सोडत असतो, कारण घर्षणानं हाड तापतं आणि भाजलेलं हाड नीट जुळत नाही.

जिथं हे यंत्र नाही तिथं हातानं फिरवायचं गिरमिट आणि जिग्लीची तार अजून वापरतात. ही दातेरी तार जिग्ली नावाच्या इटालियन डॉक्टरनं १८९०च्या दशकात काढली, तीही अडलेल्या बाळंतिणीच्या ओटीपोटाचं हाड कापून बाळाला वाट करून देण्यासाठी! पुढं ती कवटीच्या कामाला आली. तारेनं हाड तिरकं कापता येतं, त्यामुळं तुकडा परत बसवला की आत घसरत नाही. जुनं हत्यार म्हणजे हलकं काम, असं मनात आणू नकोस. चांगल्या हातात ती तार आजही चोख काम करते. हाडाच्या कापलेल्या कडेतून रक्त झिरपलं तर तिथं मेण दाबतात, खरंखुरं मधमाश्यांचं मेण मिसळलेलं. लंडनचे व्हिक्टर हॉर्स्ले यांनी १८९२ मध्ये ते प्रचारात आणलं आणि अजूनही आमच्या ट्रॉलीवर त्याची पाकिटं असतात.

मग तो हाडाचा तुकडा उचलून सर्जन माझ्या हातात देतात. आम्ही त्याला फ्लॅप म्हणतो. ओल्या निर्जंतुक कापडात गुंडाळून तो मी ट्रॉलीच्या एका कोपऱ्यात ठेवते आणि तिथं दुसरं काहीही ठेवू देत नाही. आतलं काम दोन तास चालो की आठ, त्या तुकड्यावरची माझी नजर हलत नाही.

आत काय करतात ते ज्याच्या त्याच्या आजारावर. गाठ असेल, फुगलेली रक्तवाहिनी असेल, साकळलेलं रक्त असेल, ते तुझे डॉक्टर सांगतील. मला सांगायचंय ते परत बंद करण्याबद्दल, कारण त्याबद्दल कुणी बोलतच नाही.

मेंदूवरचं जाड आवरण, म्हणजे ड्यूरा, अगदी बारीक टाक्यांनी पाणी झिरपणार नाही असं शिवतात. ते अपुरं पडलं तर पेशंटच्याच कवटीवरच्या पातळ पडद्याचा किंवा मांडीतल्या पटलाचा तुकडा ठिगळासारखा लावतात. म्हणून मांडीवर पट्टी दिसली तर घाबरू नकोस. ड्यूराच्या कडा सभोवतालच्या हाडाला टाक्यांनी ओढून बांधतात, म्हणजे मधल्या फटीत रक्त साचत नाही. मग हाड जागेवर. कुठं जाड धाग्यानं बांधतात, कुठं टायटॅनियमच्या चिमुकल्या पट्ट्या आणि चार-पाच मिलिमीटरचे स्क्रू लावतात. त्यांनी पुढं एमआरआय अडत नाही. भोकं पाडताना निघालेला हाडाचा भुगा जपून ठेवून त्याच भोकांत भरणारे सर्जनही आहेत. हाड सांधायला महिने लागतात. भोकाच्या जागी बोटाला छोटा खळगा लागला तर ते चालायचंच.

दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी त्या बाजूचा डोळा सुजून काळानिळा होतो आणि पापणी उघडत नाही. कपाळाजवळच्या किंवा कानशिलाच्या ऑपरेशननंतर हे नेहमीचं आहे, काही दिवसांत ओसरतं. कानशिलाचा स्नायू कापून परत शिवलेला असतो, म्हणून भाकरी चावताना जबडा दुखतो. सुरुवातीला मऊ भात दे, पण तोंड उघडायचा सराव थांबवू नकोस, नाहीतर जबडा आखडतो. मात्र जखमेतून किंवा नाकातून पाण्यासारखं काही गळलं, उशी ओली झाली, ताप आला, पेशंट नेहमीपेक्षा जास्त झोपाळला, तर सकाळची वाट बघू नकोस. लगेच सांग.

आता जरा अवघड बोलते. कधीकधी हाड त्या दिवशी परत बसवत नाहीत. बाईकवरून पडून डोक्याला जबर मार लागलेला असतो, मेंदू सुजत जातो आणि कवटी काही ताणत नाही. तेव्हा जागा करून देण्यासाठी हाडाचा मोठा तुकडा, साधारण १२ गुणिले १५ सेंटीमीटरचा, काढून ठेवतात. तळहाताहून मोठा असतो तो. याने काय साधतं ते तुला खरं सांगायला हवं. २०१६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका मोठ्या आंतरराष्ट्रीय अभ्यासात, औषधांनी दाब आटोक्यात येत नव्हता अशा ४०८ पेशंटची तुलना केली होती. सहा महिन्यांनी हाड काढलेल्यांतले शंभरातले सुमारे २७ दगावले होते, नुसत्या औषधांवर ठेवलेल्यांतले ४९. पण वाचलेल्यांमध्ये दुसऱ्यावर पूर्ण अवलंबून राहणारेही वाढले. म्हणून सही करण्याआधी डॉक्टरांना सरळ विचार, 'वाचला तर कसा असेल?' हा प्रश्न निर्दयी नाही. ज्या माणसाची सेवा तुला पुढं वर्षानुवर्षं करायची आहे, त्याच्याबद्दल तो तूच विचारायला हवास.

आणि दुसरा प्रश्न, हाड कुठं ठेवलंय?

काही रुग्णालयांत ते उणे ७०-८० अंशांच्या फ्रीझरमध्ये ठेवतात. आपल्याकडं पुष्कळ ठिकाणी पेशंटच्याच पोटाच्या कातडीखाली कप्पा करून त्यात ठेवतात. ऐकून विचित्र वाटतं, पण मला ही रीत शहाणपणाची वाटते. तिला महागडा फ्रीझर लागत नाही, वीज गेल्याची भीती नाही, आणि पेशंटला उद्या दुसऱ्या गावच्या दवाखान्यात न्यायची वेळ आली तर त्याचं हाड त्याच्यासोबतच जातं. पोटावर कडक उंचवटा लागेल. त्यावर परकराची नाडी किंवा पट्टा घट्ट नको, त्या जागी इन्सुलिनचं इंजेक्शन नको, आणि सोनोग्राफी करायची झाली तर आधी सांगायचं. लाली, सूज, पू दिसला तर दाखवायचं.

डोक्याच्या त्या बाजूला तेव्हा नुसती कातडी असते. खोकलं की फुगते, सूज उतरली की आत बसते, नाडीबरोबर हलतेसुद्धा. बघवत नाही आधी, पण बघायला शीक, कारण रोजची नोंद तूच ठेवणार आहेस. आमच्याकडं पट्टीवर मोठ्या अक्षरांत 'इथे हाड नाही' असं लिहितात. घरीही सगळ्यांना, पाहुण्यांनाही, बजावून ठेव. त्या कुशीवर झोपवायचं नाही, तेल चोळायचं नाही, चालायला लागला की डोक्यावर कडक टोपी हवीच. बसलं की चक्कर येते, डोकं दुखतं, हात पूर्वीपेक्षा ढिला पडतोय असं वाटलं, किंवा ती जागा बसलेल्या स्थितीतही टणक फुगलेली राहिली, तर डॉक्टरांना कळव. हाड परत बसवल्यावर काही पेशंटचं बोलणं-चालणंही सुधारतं, ते मी डोळ्यांनी पाहिलंय.

परत बसवायचं ऑपरेशन साधारण दीड ते सहा महिन्यांत होतं. आणि इथंच माणसं ढिली पडतात. पेशंट घरी आला, पैसे संपले, शेतीची कामं आली, मग 'पुढच्या महिन्यात बघू'. अगं, पोटातलं हाड फार दिवस राहिलं तर कडेनं झिजतं आणि मग नीट बसत नाही. हाड आधीच चुरलेलं असेल, जंतू लागले असतील किंवा झिजलं असेल तर टायटॅनियमची जाळी, हाडाचं सिमेंट किंवा सीटीवरून मापानुसार घडवलेलं झाकण लावता येतं, पण खर्च वाढतो. म्हणून घरी सोडण्याआधीच रुग्णालयातल्या आरोग्यमित्राला गाठ आणि दुसरं ऑपरेशन महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजनेत बसतं का ते विचारून घे. लाजू नकोस, तो त्यासाठीच बसलेला असतो.

घरी सोडतानाच्या कार्डावर तीन गोष्टी लिहून घे: कोणत्या बाजूचं हाड काढलंय, ते कुठं ठेवलंय आणि परत कधी दाखवायचंय. मग त्या कार्डाचा फोटो काढ आणि घरातल्या आणखी दोघांच्या फोनवर पाठवून ठेव.