घटक ३ : कल्पित विश्वातील कालगणना : एक भाषिक अभ्यास

३.१ उद्दिष्टे

या घटकाच्या अभ्यासानंतर तुम्हांला कल्पित कालगणनेकडे भाषिक पुरावा म्हणून पाहता येईल, ‘दर्शकता’ ही भाषावैज्ञानिक संकल्पना साहित्यकृतीच्या वाचनात वापरता येईल आणि अशा कृतींच्या अनुवादात उद्भवणाऱ्या अडचणी ओळखता येतील.

३.२ प्रास्ताविक

विद्यार्थी मित्रहो, विज्ञानकादंबरी किंवा अद्भुतरम्य कादंबरी वाचताना अनोळखी महिन्यांची आणि वारांची नावे तुम्हांला आढळली असतील. परिचित महिन्याला अपरिचित नाव दिले की परके जग उभे राहते, अशी पुष्कळ लेखकांची समजूत दिसते. अशी नावे बदलून पाहा. कथेत काहीही बिघडत नाही. ती केवळ सजावट असते. म्हणून आपण येथे एक कसोटी घेऊ : त्या कालगणनेमुळे तेथील माणसांना असे एखादे वाक्य बोलता येते काय, जे आपल्याला आपल्या पंचांगाच्या आधारे बोलता येणार नाही?

३.३ पंचांगातून जन्मणारे वाक्प्रचार

‘दुष्काळात तेरावा महिना’ हा वाक्प्रचार आपण सहज वापरतो. पण तो अस्तित्वात येण्यासाठी अधिक महिना असावा लागतो. चांद्र वर्ष सौर वर्षापेक्षा सुमारे ११ दिवसांनी लहान, म्हणून साधारणतः ३२-३३ महिन्यांनी एक महिना वाढतो. तो वाढला नसता तर ही म्हणही नसती. तिथी, वार, नक्षत्र व योग यांचा दुर्मीळ मेळ बसला की येणारी कपिलाषष्ठी हीसुद्धा अशीच भाषेत उतरली आहे.

हे मर्म जे. आर. आर. टॉल्किन यांना नेमके ठाऊक होते. ते ऑक्सफर्डमध्ये अँग्लो-सॅक्सनचे प्राध्यापक होते. ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’च्या तिसऱ्या खंडाला (१९५५) जोडलेल्या एका परिशिष्टात त्यांनी हॉबिट लोकांच्या ‘शायर’ या प्रदेशाचे पंचांग दिले आहे. प्रत्येकी ३० दिवसांचे १२ महिने आणि कोणत्याही महिन्यात न मोडणारे ५ दिवस, अशी त्याची रचना आहे. त्यांपैकी वर्षाच्या मध्यावरील दिवसाला वारच नाही. तो वगळला की ३६४ दिवस, म्हणजे नेमके ५२ आठवडे उरतात. साहजिकच दर वर्षी त्याच तारखेला तोच वार येतो.

आता हातात कागद-पेन्सिल घ्या. वर्षाचा पहिला दिवस शनिवार, तो महिन्याबाहेरचा. म्हणून पहिल्या महिन्याची पहिली तारीख रविवारी येते. महिना ३० दिवसांचा असल्याने पुढील महिन्याची पहिली दोन वार पुढे सरकते : मंगळवार, गुरुवार, शनिवार, सोमवार, बुधवार. वर्षाच्या उत्तरार्धात हाच क्रम पुन्हा रविवारपासून सुरू होतो. शुक्रवार कोठेही येत नाही! म्हणून शायरमध्ये ‘शुक्रवारी, पहिल्या तारखेला’ याचा अर्थ ‘कधीच नाही’. आपली कपिलाषष्ठी दुर्मीळ असली तरी येते. हा शुक्रवार येतच नाही. विनोद साधा आहे, परंतु त्यामागचे गणित तपासून पाहता येते, आणि त्यामुळेच तो त्या समाजाचा वाटतो.

अनुवादकाने मात्र येथे सावध राहावे. हॉबिटांचा शुक्रवार हा आठवड्याचा शेवटचा आणि मुख्य वार. दुपारनंतर सुटी, संध्याकाळी मेजवानी. मराठी वाचकाच्या मनात शुक्रवार म्हणताच देवीचा वार आणि उपवास उभा राहतो.

३.४ सदैव पहिले वर्ष

उर्सुला ले ग्विन यांच्या ‘द लेफ्ट हँड ऑफ डार्कनेस’ (१९६९) या कादंबरीतील गेथेन ग्रहाची कालगणना अधिक मूलगामी आहे. तेथे २६ दिवसांचे १४ महिने असतात. चांद्र व सौर गणना इतक्या जुळतात, की दुरुस्ती सुमारे दोनशे वर्षांतून एकदाच करावी लागते. तेव्हा तेराव्या महिन्याची म्हण तेथे रुजणार नाही. महिन्याच्या उत्तरार्धात तीच तेरा नावे ‘ओड’ हा उलट अर्थाचा उपसर्ग लावून येतात. ‘गेथेनी’ म्हणजे अंधार, तर ‘ओडगेथेनी’ म्हणजे जणू ‘निरंधार’. आपण शुद्ध पंचमी आणि वद्य पंचमी म्हणतो, तेव्हा तिथीचे नाव तेच राहते आणि भेद विशेषणात असतो. तेथे तो नावातच शिरला आहे.

पण खरा मुद्दा वर्षाचा. गेथेनवर चालू वर्ष नेहमीच ‘पहिले वर्ष’ असते. नववर्षाच्या दिवशी मागच्या-पुढच्या सर्व वर्षांचे क्रमांक बदलतात, कारण ते ‘आता’पासून मोजले जातात. ‘मी’, ‘येथे’, ‘उद्या’ या शब्दांचा अर्थ कोण, कोठे व केव्हा बोलतो यावर ठरतो. या गुणधर्माला भाषाविज्ञानात दर्शकता म्हणतात. मराठीतील ‘परवा’ तर दोन्ही दिशांना जातो आणि क्रियापद पाहून आपण दिशा ठरवतो. ‘यंदा’, ‘गुदस्ता’ आणि जुन्या लेखनातील ‘तिगस्ता’ हे वर्षांचे दर्शक शब्दच होत. गेथेनने ‘यंदा’लाच अधिकृत सनाचा दर्जा दिला आहे, असे म्हणता येईल.

मग जुन्या नोंदींचे काय? प्रसिद्ध घटना, राजांच्या कारकिर्दी यांचा आधार घेतला जातो, असे लेखिका सांगते. यात आपल्याला परके असे काही नाही. पानशेतच्या पुराच्या वर्षी (१९६१), कोयनेच्या भूकंपाच्या वर्षी (१९६७), बहात्तरच्या दुष्काळात, असे वडीलधाऱ्यांचे जन्म आणि लग्ने सांगणारी घरे तुमच्या परिचयाची असतील. अशा जन्माला शाळेत तारीख हवी म्हणून दाखल्यावर ‘१ जून’ लिहिले गेले. घरातली कालगणना आणि कार्यालयातली कालगणना एकाच माणसावर येऊन भिडतात, त्याची ती खूण आहे.

कादंबरीतही नेमकी हीच टक्कर आहे. गेनली आय हा एक्युमेन या ग्रहसंघाचा दूत. त्याच्या अहवालावर १४९०-९७ असा स्थिर वर्षांक आहे. ज्यांच्यात तो राहतो, त्यांच्या लेखी हे पहिले वर्ष. समीक्षेत याचा अर्थ ‘ते लोक वर्तमानात जगतात’ एवढाच लावला जाण्याचा संभव असतो. मला तो अपुरा वाटतो. गेथेनवासीयांना इतिहास आहे, पण तो बोलणाऱ्याच्या जागेवरून मोजलेला आहे. संघात सामील होणे म्हणजे दुसऱ्याने ठरवलेल्या शून्यापासून स्वतःचे आयुष्य मोजू देणेही असते, आणि त्या वाटाघाटीतील हा वाटा कोणीच उघडपणे बोलत नाही.

३.५ स्वाध्याय

१. गेथेनवरील ‘पहिले वर्ष’ याचा अनुवाद ‘शके १’ असा केल्यास कोणता अर्थदोष निर्माण होईल?
२. घरातील ज्येष्ठ व्यक्तीकडून घटनांच्या आधारे सांगितलेली तीन वर्षे लिहून घ्या आणि त्यांतील दर्शक शब्द अधोरेखित करा.
३. ज्या पंचांगात अमावास्या नाही, अशा कल्पित समाजात मराठीतील कोणते शब्दप्रयोग निरर्थक ठरतील? सोदाहरण लिहा.