वाफेची वाट

मिशिगनमधल्या माझ्या गॅरेजमध्ये माझ्दाची एक जुनी मियाटा उभी असते. मुळात तिच्यात 1.6 लिटरचे चार सिलिंडरी इंजिन होते. आता तिथे जनरल मोटर्सचे 5.7 लिटरचे एलएस1 व्ही8 आहे. बघायला येणारे ताकदीबद्दल विचारतात, गिअरबॉक्सबद्दल विचारतात, खर्चाबद्दल तर हमखास विचारतात. करंगळीपेक्षा बारीक असलेल्या एका नळीबद्दल मात्र कुणी विचारत नाही. सिलिंडर हेडमध्ये साठणारी वाफ बाहेर काढण्याचे काम ती करते, आणि या सगळ्या खटाटोपात मला सर्वांत जास्त शिकवले ते तिनेच.

1. काटा शांत असला तरी आत कुठेतरी उकळत असते. हे मला फार उशिरा उमगले. एक्झॉस्ट व्हॉल्वच्या आसपासची भिंत इतकी तापते की तिला लागून वाहणारे कूलंट जागच्या जागी उकळते आणि बारीक बुडबुडे सुटतात. बहुतेक पुढच्या प्रवाहात विरून जातात. उरलेले वर चढतात, हेडच्या कोपऱ्यात जमतात आणि तिथे ठाण मांडतात. पाणी आणि ग्लायकोलचे निम्मे-निम्मे मिश्रण, वर 15 पीएसआयची कॅप, म्हणजे उत्कलनबिंदू जवळजवळ 129 अंश सेल्सियसपर्यंत जातो. तरीही त्या एका भिंतीपाशी तो पुरत नाही. द्रव जितकी उष्णता उचलतो तितकी वाफ उचलत नाही, त्यामुळे जिथे वाफ साठते तिथला धातू तापतच राहतो आणि त्याची झळ हेड गॅस्केटला लागते. डॅशबोर्डवरचा काटा धातूचे तापमान सांगत नाही, सेन्सरला स्पर्श करणाऱ्या कूलंटचे सांगतो. सेन्सरच वाफेत सापडला तर त्याच्या सांगण्याला काही अर्थ उरत नाही. लहानपणी कसारा घाटात बोनेट उघडून उभे असलेले ट्रक पाहिले होते, त्यांची वाफ दुरूनही दिसायची. ही वाफ कुणाला दिसत नाही, म्हणून मला तिची जास्त धास्ती वाटते.

2. कारखान्याने ठेवलेले भोक उगाच ठेवलेले नसते. एलएसच्या दोन्ही हेडवर पुढे एक आणि मागे एक, अशी वाफेची एकूण चार तोंडे असतात. सुरुवातीच्या एलएस1 मध्ये ती चारही नळीने जोडलेली होती. पुढे इनटेक मॅनिफोल्डचा तळ खाली आला, मागच्या नळीला जागा उरली नाही. मग पुढची दोन तोंडे तेवढी जोडलेली राहिली आणि मागची झाकणे लावून बंद झाली. हे चालते कसे, याचा मी बराच विचार केला. इंजिन गाडीत बसते तेव्हा त्याचे नाक किंचित वर असते, त्यामुळे सपाट रस्त्यावर वाफ आपोआप पुढे सरकते. जोरात वेग घेतानाही ती पुढेच जाते. पण लांब उतारावर किंवा कचकचून ब्रेक लावल्यावर उंच बाजू मागची होते. रोजच्या वापराच्या गाडीला पुढची दोन तोंडे पुरतात. ज्यांना ट्रॅकवर गाडी पळवायची आहे त्यांनी चारही जोडावीत, असे माझे ठाम मत आहे. मी चारही जोडली आहेत. एकही तोंड जोडायचे नाही, सगळी बुजवून टाकायची, असा सल्लाही कधी कधी कानावर येतो. कृपा करून तो ऐकू नका.

3. वाफेला वर जाणे एवढेच ठाऊक असते. वाचताना हे बाळबोध वाटेल. प्रत्यक्ष इंजिनासमोर नळी हातात धरून उभे राहिले की डोळ्यांना नीटनेटकी वाट दिसते, कडेकडेने जाणारी, ब्रॅकेटच्या आडून वळणारी, आणि तीच वाट मध्येच एकदा खाली उतरून पुन्हा वर चढते. त्या खोलगट जागी कूलंट साचते, आणि त्याच्या अलीकडच्या उंचवट्यावर वाफ अडते. ही गोष्ट मला पटवली ती बाबांनी, निफाड तालुक्यातल्या मळ्यातून फोनवर. त्यांनी एलएस इंजिन कधी पाहिलेले नाही. मी अडचण सांगितली तसे म्हणाले, "अगं, आपल्या पाइपलाइनला जिथे जिथे चढ संपून उतार लागतो, तिथे एअर व्हॉल्व बसवलाय ना? नाहीतर मोटर चालू राहते आणि पाणी मळ्यात पोचत नाही. तुझ्या नळीला उंचवटा असेल तर एक तर तो काढ, नाहीतर तिथून हवेला वाट दे." इंजिनाचे शिक्षण मी घेतले आणि नेमका प्रश्न त्यांनी विचारला, याचा मला अजूनही अभिमान वाटतो. त्यानंतर मी नळी दिसायला कशी जाते हे बघणे सोडले. हेडपासून शेवटच्या टोकापर्यंत ती सतत चढती आहे ना, एवढेच बोट फिरवून तपासते.

4. "रेडिएटरच्या माथ्यावर जोडा" हे उत्तर प्रत्येक गाडीला लागू पडत नाही. उंच रेडिएटरच्या पिकअप ट्रकमध्ये ते अगदी बरोबर आहे. मियाटाचे नाक बसके आहे. व्ही8 आत गेले की हेडमधली वाफेची तोंडे रेडिएटरच्या माथ्याहून वर येतात, म्हणजे वाफेला आपण खाली उतरायला सांगतो! अशा गाडीला सर्ज टँक हवा. फायरवॉलला लागून, बोनेटच्या अगदी खाली, सगळ्या यंत्रणेत सर्वांत उंच जागी तो बसवायचा. हेडची नळी त्याच्या वरच्या भागात येते, रेडिएटरच्या माथ्यावरूनही एक बारीक नळी तिथेच येते. टाकीत वाफ आणि द्रव वेगळे होतात, आणि तळातून एक जाड होज पंपाच्या ओढणाऱ्या बाजूला जातो. त्यामुळे पंपाच्या तोंडाशी द्रव सतत हजर राहतो. दाबाची कॅप मग या टाकीवरच हवी, रेडिएटरवर साधे घट्ट झाकण. एका यंत्रणेत दाबाच्या दोन कॅप ठेवल्या तर कमी दाबाची आधी उघडते आणि दुसरी नुसती शोभेला राहते. बिनदाबाची ओव्हरफ्लो बाटली म्हणजे सर्ज टँक नव्हे. दोन्ही प्लॅस्टिकच्या असल्या की सारख्या दिसतात, पण बाटली सांडलेले परत घेते आणि टाकी यंत्रणेचाच भाग म्हणून दाब सोसते.

5. सोय आणि योग्य जागा दर वेळी एकत्र येत नाहीत. पुष्कळ जण वॉटर पंपाच्या माथ्यावर भोक पाडून, आटे पाडून नळी तिथे जोडतात. अंतर कमी, काम झटपट, आणि अशा गाड्या वर्षानुवर्षे धावतातही. माझा आक्षेप एवढाच की हेडमधून काढलेली वाफ पुन्हा त्याच प्रवाहात सोडली जाते, वेगळी होऊन बाहेर पडायला तिला जागाच मिळत नाही. जागा अगदीच नसेल तर करा. जागा असेल तर टाकीच बसवा.

6. ही नळी बारीक असण्यालाही कारण आहे. ती जाड केली तर गरम कूलंट रेडिएटरला वळसा घालून थेट टाकीत येऊ लागते. वाफेला थोडीच जागा लागते. मी -4 एएन फिटिंग वापरली, तीही पुरेशी मोठी आहे.

7. काळे रबर दिसायला सारखेच असते. इंधनाचा होज बहुधा नायट्राइल रबराचा, कूलंटचा ईपीडीएमचा. त्यांची अदलाबदल करू नये. पेट्रोल किंवा तेल लागले की ईपीडीएम फुगते, आणि गरम ग्लायकोलमध्ये नायट्राइल फार काळ टिकत नाही. एक्झॉस्ट हेडर शेजारीच असतात, तेव्हा होजवर उष्णतारोधक आवरणही घाला.

8. कूलंट भरणे हे घाईचे काम नाही. एलएसमध्ये थर्मोस्टॅट पंपात शिरणाऱ्या बाजूला असतो, इंजिन थंड असताना बंद असतो, त्यामुळे भरताना हवा अडकणे ठरलेलेच. मी गाडीचे नाक रॅम्पवर चढवते, हीटर पूर्ण गरमवर ठेवते, आणि टाकीत कूलंटला फुगायला जागा सोडून हळूहळू ओतते. नळीतून बुडबुडे येतात, थांबतात, पुन्हा येतात. थर्मोस्टॅट उघडला की पातळी एकदम खाली जाते. तेव्हा गडबडून जायचे नाही, इंजिन बंद करून पूर्ण थंड होऊ द्यायचे आणि मगच भर घालायची.

तुमची गाडी वेगळी असेल, इंजिनही वेगळे असेल, आणि नळीची वाट तुम्हालाच शोधावी लागेल. एक विनंती मात्र आहे. मागची तोंडे जोडायची असतील तर इंजिन स्टँडवर असतानाच, इनटेक चढवण्यापूर्वी जोडून घ्या. एकदा इंजिन आत गेले की ती फायरवॉलच्या आड जातात आणि तिथे पाना फिरत नाही.